ह्या भांड्यात नको

दोन पौंडांची ती पिशवी मी सुपरमार्केटमधून बाहेर पडता पडता उचलली होती. 2024 सालच्या जून महिन्यातला पहिला शनिवार होता. दक्षिण लुइझियानातल्या होमा गावात आमच्या रस्त्यावरची घरे दर उन्हाळ्यात एकदा एकत्र येऊन ‘बॉइल’ करतात, म्हणजे एका मोठ्या भांड्यात कोळंबी-खेकडे उकळून एकत्र जेवतात; तो त्या संध्याकाळी व्हायचा होता, आणि ऐन वेळी आणखी चार-पाच माणसे येणार असल्याचे कळल्यामुळे पानात काही कमी पडू नये एवढाच माझा हेतू होता. पिशवीतली कोळंबी गोठवलेली होती. सोललेली, डोकी काढलेली, पाठीवरचा काळा दोराही काढून स्वच्छ केलेली. नोंकनी ती माझ्या हातातून घेतली, उलटी केली, कपाळावरचा चष्मा खाली ओढून मागची बारीक अक्षरे वाचली आणि पिशवी बर्फाच्या पेटीच्या अगदी तळाशी ठेवून झाकण लावले. मग माझ्याकडे न पाहता ते म्हणाले, “ही उद्या तुझ्या घरी ‘करी’त घाल, शा. ह्या भांड्यात नको.” मागच्या बाजूला लिहिले होते, ‘प्रॉडक्ट ऑफ इंडिया’.

मी मान डोलावली आणि कांदे सोलायला बसले, पण माशाचा बारीक काटा घशात राहावा तसे ते वाक्य राहिले.

‘नोंक’ म्हणजे काका. केजन फ्रेंच ह्या इथल्या बोलीतला हा शब्द आमच्या रस्त्यावर नावासारखाच रुळला आहे. सत्तरी ओलांडलेल्या ह्या गृहस्थांना लहान मुलांपासून टपालवाल्यापर्यंत सगळे नोंकच म्हणतात. आणि ‘शा’ म्हणजे फ्रेंचमधले ‘शेर’, लाडके माणूस. ते मला पहिल्यांदा ‘शा’ म्हणाले तो दिवस मला नेमका आठवतो. 29 ऑगस्ट 2021 रोजी ‘आयडा’ हे चक्रीवादळ ताशी 240 किलोमीटरच्या वाऱ्यासह पोर्ट फोरशाँला धडकले आणि तिथून आमच्या अंगावर आले. आम्ही परतलो तेव्हा छपराचा मागचा भाग उडालेला होता, वीज नव्हती, आणि शिडीवर चढून आमच्या छपरावर निळी ताडपत्री ठोकत होते ते नोंक. त्यांच्या स्वतःच्या छपरावर तेव्हा अजून काहीच घातलेले नव्हते. त्यांची कोळंबीची होडी, वडिलांच्या हाताखाली बांधलेली लाकडी लफीट स्किफ, त्याच वादळात बायूच्या, म्हणजे इथल्या संथ खाडीच्या, काठावर आपटून फुटली, आणि दुरुस्तीचा खर्च कोळंबीच्या भावात कधीच भरून निघणार नाही असा हिशेब करून त्यांनी ती पुन्हा पाण्यात उतरवलीच नाही. हे सगळे मला ठाऊक होते. म्हणूनच, ह्या माणसाने माझ्या देशाचे नाव वाचून पिशवी तळाशी लपवली ह्याचा अर्थ काय लावावा, हे मला कळेना. परके कोण ठरले होते, कोळंबी की मी?

भांड्याविषयी आधी सांगायला हवे, कारण त्या संध्याकाळी सगळे त्याच्याभोवती फिरत होते. ऐंशी क्वार्टांचे, म्हणजे सुमारे पंचाहत्तर लिटरचे, ॲल्युमिनियमचे उंच भांडे; आत तितकीच उंच, भोके पाडलेली टोपली; खाली प्रोपेनची शेगडी, जिची ज्योत पेटली की विमानासारखा आवाज करते. बॉइल म्हटले की बाहेरच्या माणसाला क्रॉफिश, म्हणजे गोड्या पाण्यातले नांग्यांचे झिंगे, आठवतात, आणि ते योग्यच आहे. अचाफलायाच्या दलदलीत आणि भाताच्या खाचरांत वाढणारा हा जीव वसंतात इथल्या प्रत्येक अंगणात उकळत असतो, आणि 1983 सालापासून तो राज्याचे मानचिन्हही आहे. भात कापून झाल्यावर खाचरात पुन्हा पाणी सोडतात, बिळांतले क्रॉफिश वर येतात आणि धसकटांवर पोसतात. हे पहिल्यांदा ऐकले तेव्हा मला आमच्या कोकणात पहिल्या पावसात खाचरांच्या बांधांवर कंदील घेऊन खेकडे धरायला जाणारी मुले आठवली होती. पण जून लागेपर्यंत क्रॉफिशचे कवच जाड होते आणि हंगाम ओसरतो. उन्हाळ्याचा बॉइल तपकिरी कोळंबीचा आणि निळ्या खेकड्यांचा.

पाणी ठेवल्यावर आधी मीठ आणि मसाला. दुकानात मिळणाऱ्या मसाल्याच्या पुरचुंडीत, न्यू ऑर्लिन्सच्या झॅटरेन्सच्या असो वा दुसऱ्या कुणाच्या, काय असते ते मी पहिल्या वर्षी खोक्यावर वाचले आणि थक्क झाले. मोहरी, धणे, लाल मिरची, तमालपत्र, ऑलस्पाइस आणि शेपूचे बी. हे तमालपत्र आपले नव्हे. त्याच्या पानावर एकच मधली शीर असते, आपल्याकडच्या पानावर तीन. पण शेपूचे बी म्हणजे बाळंतशेपा. माझ्या धाकट्या बहिणीच्या वेळी आईने लोखंडी तव्यावर तो भाजला होता, आणि आमच्या माजघराला सव्वा महिना तोच वास येत होता. इथे तो वास प्रोपेनच्या धुरात आणि लिंबाच्या वाफेत मिसळून बायूच्या दिशेने वाहत जातो. दर वर्षी झाकण उघडल्यावर पहिल्या वाफेत मी तो शोधते, आणि सापडला की क्षणभर मला कुणाशीही बोलावेसे वाटत नाही.

मग अर्धी चिरलेली लिंबे, कांदे, आडवे कापलेले लसणाचे अख्खे गड्डे आणि लाल सालीचे लहान बटाटे. बटाट्यात सुरी जेमतेम शिरू लागली की खेकडे, आणि त्यांच्या मागोमाग धुरावलेल्या सॉसेजचे तुकडे. खेकड्यांना चांगली दहा मिनिटे लागतात. कोळंबी मात्र शेगडी बंद केल्यावरच टाकायची, ह्याबाबत नोंक अतिशय कडक आहेत. उकळत्या पाण्यात ती दोन मिनिटे जास्त राहिली की अंग आकसते, कवच मांसाला चिकटते आणि सोलताना निम्मे मांस कवचाबरोबर जाते. शेगडी बंद, कोळंबी आत, आणि लगेच गोठवलेली मक्याची कणसे. ती शिजावीत म्हणून तर असतातच, पण पाण्याचा ताव एकदम उतरावा म्हणूनही. त्यानंतर हात लावायचा नाही. पाणी निवत जाते तसा मसाला कवचात शिरतो. दर पाच मिनिटांनी नोंक एक कोळंबी उचलतात, चावतात, दूर कुठेतरी पाहतात आणि ‘अजून नाही’ म्हणतात. पहिल्या वर्षी मी ह्या थांबण्याला कंटाळले होते. आता मला वाटते की बॉइल म्हणजे मुख्यतः ही वीस मिनिटेच आहेत. चूल विझलेली असते, करण्यासारखे काही उरलेले नसते, आणि माणसे भांड्याभोवती उभी राहून बोलत असतात.

त्याच वेळात मी ह्या लोकांचा इतिहास तुकड्यातुकड्यांनी ऐकला आहे. 1755 साली ब्रिटिशांनी आजच्या नोव्हा स्कोशियातून ह्यांच्या फ्रेंच बोलणाऱ्या पूर्वजांना घरेदारे जाळून हुसकावले. त्यांपैकी काही पुढच्या दशकात इथल्या दलदलीत येऊन स्थिरावले, आणि ‘अकेडियन’चे बोलताबोलता ‘केजन’ झाले. 1921 सालच्या राज्यघटनेने शाळा केवळ इंग्रजीच्या केल्या. नोंकच्या आईला वर्गात फ्रेंच बोलल्याबद्दल कोपऱ्यात गुडघ्यांवर बसावे लागे, म्हणून तिने मुलांशी ठरवून इंग्रजीच बोलायला सुरुवात केली. नोंकना फ्रेंच येते ते होडीवरचे, म्हणजे वारा, दोर, भरती, शिव्या आणि जेवण ह्यांपुरते. माझी मुले मराठीत जेवण मागतात आणि भांडण इंग्रजीत करतात, हे मी त्यांना एकदा सांगितले. ते बराच वेळ काही बोलले नाहीत, आणि मग त्यांनी मला कोळंबीला फ्रेंचमध्ये काय म्हणतात ते सांगितले. ‘शव्रेत’.

ह्या माणसाने माझी पिशवी नाकारली होती.

त्या रात्री झोप येईना तेव्हा मला हर्णै आठवत राहिले. माझे बालपण तिथले. वडील शिक्षक, म्हणजे आम्ही मासेमारी करणारे नव्हे, केवळ खाणारे. पण बंदरापासून दहा मिनिटांवर राहणारा खाणाराही काही नियम शिकतो. संध्याकाळी सुवर्णदुर्गाच्या मागे ऊन उतरू लागले की वाळूवर लिलाव सुरू होई, होड्यांतला माल बैलगाड्यांतून किनाऱ्याला येई, आणि वडील पायजमा गुडघ्यापर्यंत दुमडून त्या गर्दीत शिरत. आमची कोळीण ठरलेली होती. ती वाटे लावून बसे. वडील भाव कमी करून मागत नसत, पण वाटा पिशवीत पडल्यावर पिशवी मिटतही नसत. तशीच उघडी धरून उभे राहत, आणि ती हसून मूठभर कोळंबी ‘वर’ टाकी. इथे रस्त्याच्या कडेला पिकअप लावून बर्फाच्या पेटीतून कोळंबी विकणारा नोंकचा भाचाही तोलून झाल्यावर एक ओंजळ अशीच टाकतो आणि म्हणतो, ‘लान्याप’. हा शब्द ऐकताना मला ती उघडी धरलेली पिशवी दिसते.

आमच्या घरी बर्फातली शिळी मासळी चालत नसे, पण सोललेली कोळंबी वर्ज्य होती असे मात्र नाही. पावसाळ्यात मासेमारी बंद झाली की दोन महिने आईच्या डब्यांत सोडे असत, म्हणजे सोलून, मीठ लावून, उन्हात कडक वाळवलेली कोळंबी. एप्रिलच्या उन्हात ते सोलणाऱ्या बायका मी पाहिल्या होत्या. त्यांच्या बोटांची टोके मिठाने आणि काट्यांनी पांढरी पडलेली असत, आणि त्यांतली एक आमच्याकडे सोडे देताना आईजवळ नेमाने खोबरेल तेल मागे. सोड्यांच्या मागे आम्हाला ते हात दिसत. माझ्या हातातल्या त्या गुळगुळीत पिशवीमागे मला कोणतेच हात दिसले नव्हते. मी ती उलटी करून वाचलीदेखील नव्हती.

नंतर मी वाचले. अमेरिकेत खाल्ल्या जाणाऱ्या कोळंबीपैकी 90 टक्क्यांहून अधिक बाहेरून येते, आणि 2024 साली तिच्यात सर्वांत मोठा वाटा भारताचा होता; भारतातून येते त्यातली सर्वांत जास्त आंध्र प्रदेशातल्या तळ्यांतली. ही जात व्हॅनामेई. ती भारतीय किनाऱ्याची नव्हेच. मेक्सिकोपासून पेरूपर्यंतच्या पॅसिफिक किनाऱ्याची मूळ रहिवासी, आणि तिच्या शेतीला भारतात परवानगी मिळाली ती 2009 साली. म्हणजे मी भारतीय म्हणून मनाला लावून घेतलेली ती कोळंबी जन्माने अमेरिका खंडाचीच होती. अर्धी पृथ्वी ओलांडून ती आंध्रात वाढली, तिथल्या एखाद्या शेडमध्ये थंड पाण्यात हात घालून उभ्या असलेल्या बाईने तिला सोलले, आणि ती पुन्हा समुद्र ओलांडून होमाच्या फ्रीझरमध्ये येऊन पडली. तिचा भाव इतका कमी कसा, ह्याचे उत्तर त्या बाईच्या मजुरीत कुठेतरी असणार. आणि नोंकची होडी अजून बायूच्या काठावर का पडून आहे, ह्याचे उत्तर त्या भावात आहे. त्यांच्या वडिलांना 1980च्या दशकात धक्क्यावर पौंडामागे जो भाव मिळे, त्याहून कमी भाव आज भाच्याला मिळतो, असे नोंक सांगतात. डिझेल आणि बर्फ मात्र आजच्या भावाने घ्यावे लागते. लुइझियानाच्या विधिमंडळाने 2019 साली कायदा करून हॉटेलांना मेनूवर आयात कोळंबीचा स्पष्ट उल्लेख करायला लावले, कारण धक्क्यापासून हाकेच्या अंतरावरची हॉटेलेसुद्धा बाहेरची कोळंबी इथली म्हणून वाढत होती.

हे वाचताना मला नोंकच्या बाजूने राग येत होता, आणि त्याच वेळी त्या शेडमधल्या बाईच्या बाजूनेही काही तरी आत हलत होते. दोघांना एकमेकांचे वैरी करणारा व्यवहार त्या दोघांपैकी कुणीही ठरवलेला नाही. हर्णैलाही हेच आहे. माशांचे थवेच्या थवे वेढणाऱ्या पर्ससीन जाळ्यांवर महाराष्ट्र सरकारने 2016 साली निर्बंध घातले, एलईडी दिव्यांच्या मासेमारीवर केंद्राने 2017 साली बंदी घातली, तरी रात्री समुद्रात उजेड दिसतो असे आई फोनवर सांगते, आणि लहान होड्या रिकाम्या परततात. आमच्या त्या कोळिणीचा मुलगा आता रत्नागिरीला रिक्षा चालवतो. हे मला ठाऊक असताना, नोंकच्या अंगणात मी ती पिशवी घेऊन गेले होते.

त्या संध्याकाळचे जेवण मात्र फार चांगले झाले, हे सांगायलाच हवे. लांब टेबलांवर वर्तमानपत्रे पसरली होती. दोघांनी टोपली उचलली, पाणी निथळू दिले आणि सगळे एकदम ओतले. लालबुंद खेकडे, गुलाबी झालेली कोळंबी, मसाल्याने माखलेली कणसे, आणि वाफेचा एक लोट, ज्याने सगळ्यांना एकाच वेळी ठसका लागला. ताटे नव्हती, काटेचमचे नव्हते. माणसे टेबलाच्या दोन्ही बाजूंना उभी राहून हातांनी खात होती. मी कोळंबीचे डोके पिरगळून वेगळे केले आणि ओठांना लावून आतला केशरी रस ओढला, तसेच माझ्या समोरची दहा वर्षांची मुलगी करत होती, तसेच तिची आजीही. ह्या देशात येऊन चौदा वर्षे झाली. नांगी दातांत धरून फोडताना आजूबाजूला कोण पाहते आहे ह्याचा विचार मला करावा लागत नाही, असे हे एकच टेबल आहे. पलीकडच्या घरातल्या व्हिएतनामी बाईंनी लोण्यात भरपूर लसूण परतून आणला होता. 1975 नंतर त्यांच्यासारखी कुटुंबे ह्या किनाऱ्यावर आली आणि कोळंबीच्या होड्यांवर गेली. बाईंचे यजमान आणि नोंक एकाच पाण्यात वीस वर्षे जाळी ओढत होते, आणि सुरुवातीची काही वर्षे एकमेकांशी बोलत नव्हते. आता नोंक आपला खेकडा त्यांच्या लसणीच्या लोण्यात बुडवत होते. म्हणजे बाहेरचे ह्या भांड्याजवळ येऊ शकत नाही असे नव्हते. मी तो लसूण चाखला, माझी बोटे तिखटाने चुरचुरत होती, नखांखाली मीठ झोंबत होते, आणि बर्फाच्या पेटीच्या तळाशी माझी पिशवी होती.

आठवड्याने मी त्या पिशवीतल्या अर्ध्या कोळंबीचा भात केला. हळद, मीठ आणि आल्या-लसणीचे वाटण लावून ठेवली, खोबरे भाजून वाटले, आमसुले घातली, आणि कोळंबी अगदी शेवटी, भात उतरवायच्या आधी दोन मिनिटे, वरून टोचून झाकण ठेवले. डबा घेऊन नोंककडे गेले. ते मागच्या ओसरीवर जाळे विणत बसले होते. होडी नसली तरी भाच्याची जाळी तेच दुरुस्त करतात. मी सांगितले की ही तीच कोळंबी आहे. लपवून खाऊ घालणे मला शक्य नव्हते. त्यांनी डबा मांडीवर घेतला आणि सावकाश भात खाऊ लागले. आमसूल दातांखाली आले तेव्हा थांबून विचारले, हे काय फळ आहे. भात संपला. कोळंब्या त्यांनी एकेक करून डब्याच्या कडेला सारून ठेवल्या होत्या, नऊ होत्या, मी मोजल्या. मला वाटले, झाले. मग बऱ्याच वेळाने, जाळ्याकडे पाहत असतानाच, त्यांनी त्यांतली एक उचलली आणि तोंडात टाकली.

“कडक नाही झाली,” ते म्हणाले. “नीट शिजवलीस.”

उरलेल्या आठ त्यांनी खाल्ल्या नाहीत, आणि मी आग्रह केला नाही. त्या मी ओसरीच्या पायरीवर बसून स्वतः खाल्ल्या. मी विचारले, “त्या दिवशी तुम्हाला राग आला होता का?” ते म्हणाले, “तुझा नाही, शा. त्या भांड्यात माझे वडील आहेत.” एवढेच बोलून ते आत गेले आणि दुधाचा एक जुना प्लास्टिकचा कॅन घेऊन आले. इथले लोक कोळंबी अशीच साठवतात, कॅनमध्ये पाणी भरून त्यात गोठवतात, म्हणजे हवा लागत नाही आणि ती वर्षभर सुकत नाही. ढगाळ बर्फाच्या आत कोळंब्या दिसत होत्या, मिशांसकट, काळ्या डोळ्यांसकट. आयडाच्या आधीच्या महिन्यात स्वतःच्या होडीने धरलेल्यांतला हा शेवटचा कॅन, असे ते म्हणाले. इतकी जुनी कोळंबी खाण्याजोगी उरली असेल का, असा विचार माझ्या मनात आला, आणि तो बोलून दाखवण्याची माझी हिंमत झाली नाही.

रात्री आठला आईला फोन केला, तेव्हा तिकडे सकाळचे साडेसहा वाजले होते आणि बाहेर पाऊस कोसळत असल्याचा आवाज येत होता. ती सोडे भिजत घालत होती. मी कॅनचे सांगितले. तिने नेहमीप्रमाणे आधी भाव विचारला.

“पैसे नाही घेतले.”

“म्हणजे सगळी वरचीच,” ती म्हणाली, आणि थोडा वेळ फक्त पाऊस ऐकू आला. मग तिने विचारले, “डोकी आहेत ना? टाकू नकोस. तेलात परत आणि पाणी घालून उकळ.”